मुक्या रिळातले बोल

रोवेना : लोलो, आजोबा, तो माइक तुमच्या शर्टावरच राहू द्या. मांजराला लावलात तर सिनेमात मांजरच बोलेल.

तिनोंग : बोलू दे. त्या नायक झालेल्या देल्मारपेक्षा बरं बोलेल.

कोरिंग : मेल्या माणसाबद्दल असं बोलू नये, तिनोंग.

तिनोंग : जिवंत होता तेव्हाही बोलायचो. तोंडावर.

रोवेना : भांडू नका ना! लोला, आजी, सेबू बेटावर तेव्हा आपल्या बिसाया भाषेत इतके सिनेमे निघाले, आणि माझ्या माहितीपटासाठी हाताला लागलं ते हे एवढंच रीळ. तेही मुकं, आवाज नोंदलेली कड सगळी सडलीये. तुझं, नायिकेचं, बोलणं तू सांगितलंस. पण नायकाचं कोण सांगणार?

कोरिंग : मला माझंच आठवतं गं. त्याचं ऐकलं की माझं आपोआप यायचं.

रोवेना : मग मनिलाचे लोक त्यावर त्यांच्या तागालोग भाषेतले संवाद चिकटवतील. परवाच विचारत होते.

तिनोंग : काय? सिनेमातली कारकार गावची मासे विकणारी पोर तागालोग बोलणार?

कोरिंग : बघ कशी मिरची झोंबली! मग सांग की तू.

रोवेना : लोलोंना येतं?

कोरिंग : अगं, देल्मार दिसायला राजबिंडा, पण डोक्यात भुसा. एक वाक्य पाठ नसायचं. हा केळीआड बसून एकेक ओळ कुजबुजत सांगणार, मग तो म्हणणार.

तिनोंग : डास मला फोडून काढायचे. आणि नाव त्याचं.

रोवेना : इतकी वर्षं बोलला का नाहीत, लोलो?

तिनोंग : आडोशाला बसलेल्याला कोण विचारतं?

रोवेना : मी विचारतेय.

तिनोंग : नातीसमोर लाज वाटते. प्रेमाचं आहे ते.

रोवेना : मी पाठ फिरवून बसते, हं?

कोरिंग : तू बस. कॅमेऱ्याला नको पाठ फिरवायला लावूस.

(भिंतीवर चित्र हलू लागतं.)

तिनोंग : ही आली बघ टोपली घेऊन... "लुसिंग, उद्या होडी सुटेल. परत येईन असं म्हणत नाही. तू थांब असंही म्हणत नाही. आज तेवढी बंदरावर ये."

कोरिंग : "आले, तर आई घरात घेणार नाही."

तिनोंग : "मग माझ्या घरात ये."

रोवेना : ओठांशी अगदी जुळतंय! अजून एकदा घेऊ... लोला? रडतेयस? देल्मार आठवला?

कोरिंग : त्याचं काय आठवायचंय? नीट बघ. मी त्याच्याकडे बघतेय का?

रोवेना : नाही... त्याच्या खांद्यावरून पलीकडे. मला वाटायचं, समुद्राकडे बघतेस.

कोरिंग : समुद्र दुसऱ्या बाजूला होता. या बाजूला केळी होत्या.

तिनोंग : कोरिंग... हे कधी बोलली नाहीस.

कोरिंग : लग्न केलं ना तुझ्याशी? अजून काय बोलायचं?

तिनोंग : पुन्हा म्हणू?

कोरिंग : म्हण. आता कुजबुजायचं कशाला?