तेरड्याचं बी

तेरड्यावरून आठवलं. निजामाच्या राज्यात घरात तिरंगा सापडला की माणूस थेट तुरुंगात. म्हणून आईनं आमच्या कळंबच्या परसात घरातला तिरंगा डब्यात घालून पुरला. दुसऱ्याच दिवशी जमादार झडतीला आला.

"इथली माती ताजी कशी?"

आई म्हणाली, "तेरड्याचं बी टाकलंय."

"बरं. पंधरा दिसांनी येतो. उगवलं न्हाय तर खणतो."

घरात तेरड्याचं बी नव्हतंच. औषधाला ठेवलेलं रानातलं कसलंसं बी होतं, तेच आईनं टाकलं आन् रोज पाणी घातलं.

पंधराव्या दिवशी जमादार कोवळ्या रोपांवर लई वेळ वाकून राहिला.

"बाई, हा तेरडा न्हाय, कुर्डू हाय," तो हळूच म्हणाला. "पण उपटू नका. माती उघडी पडंल."