काट्यावर चढलेली लापशी

आजच्या सभेचे अध्यक्ष रेव्हरंड हॅडफील्ड, व्यासपीठावरचे मुख्य मेकॅनिक नॉर्मन ब्लेझबी, सत्कारमूर्ती म्हणजे माझा धाकटा भाऊ एडविन गार्थवेट, आणि चॅपलच्या या सभागृहात दाटीवाटीने बसलेल्या बंधुभगिनींनो,

तेवीस वर्षं एडविननं शर्यतीची गाडी पळवली. तीनदा देशाचा अजिंक्यवीर झाला. पण त्याच्या बहिणीनं त्याची एकही शर्यत पाहिली नाही, हे तुम्हांला ठाऊक आहे का? शर्यती रविवारी. रविवार देवाचा. मी इथं चॅपलमध्ये, प्रार्थनेला, तिसऱ्या बाकावर. रेव्हरंड साक्षीला आहेतच.

वडिलांची अंड्यांची गाडी घेऊन हा डोंगरातल्या वळणांवरून सुसाट यायचा. एक अंडं कधी फुटलं नाही. तेव्हाच ओळखायला हवं होतं. असो.

मला सांगायची आहे ती मागच्या महिन्यातली, निवृत्त होण्याआधीची त्याची शेवटची शर्यत. हा खेळ मोठा न्यायी, की अन्यायी? जो जिंकतो त्याच्या गाडीत पुढच्या वेळी जादा वजन ठेवतात. एडविन आधीच्या दोन्ही शर्यती जिंकलेला, म्हणजे ओझं पुरेपूर. वर नियम असा, की शर्यत संपली की चालकासकट गाडी तोलायची. ठरल्यापेक्षा हलकी भरली, तर जिंकलेलं सगळं रद्द.

त्या सकाळी मी ओटची लापशी वाढली. हा वाटीवर हात आडवा धरून बसला.

"ताई, नको. नॉर्मननं काल मला काट्यावर तोलून हिशेब बसवलाय. घासभर जास्त झालं तरी गाडी जड होते."

"नॉर्मन तुला तोलतो, की बटाटे? उपाशीपोटी माझ्या दारातून कुणी जात नाही."

"अगं, अजिंक्यपद आहे आज!"

"मग दोन वाट्या खा."

खाल्ल्या त्यानं. तोंड वाकडं करून, पण चाटूनपुसून.

पुढचं नॉर्मननं फोनवर सांगितलं. शेवटच्या वळणावर मागच्यानं धडक दिली, मागचा बंपर तुटून रस्त्यावर. एडविन पहिला आला खरा, पण नॉर्मन डोकं धरून बसला. नियमापेक्षा त्यानं राखलेलं थोडं जादा वजन बंपरबरोबर गेलं होतं. गाडी काट्यावर चढली. एडविन आत, हेल्मेटसुद्धा न काढता, श्वास रोखून. जणू श्वासालाही वजन असतं!

काटा थांबला. नियमापेक्षा चारशे ग्रॅम जास्त.

नॉर्मन फोनवर हुंदके देत म्हणाला, "विनीताई, हे माझ्या हिशेबातलं नाही. हे तुमच्या वाटीतलं."

नॉर्मन, मान खाली घालू नका. तुमचा हिशेब चोख होता. फक्त त्यात बहीण धरली नव्हती.

लोक म्हणतात, बाई एकदाही ट्रॅकवर गेल्या नाहीत. रेव्हरंड, मी माझा रविवार मोडला नाही. पण त्या रविवारी माझी लापशी काट्यावर चढली, आणि जिंकून आली!

एडविन, आता तुझे रविवार मोकळे झाले. तिसऱ्या बाकावर माझ्या शेजारची जागा तेवीस वर्षं रिकामी ठेवली आहे. अकरा वाजता ये. घाई करू नकोस, आणि खाऊन ये.

आपण सर्वांनी आपुलकीनं ऐकलंत, ऋणी आहे. बोलण्याच्या भरात कुणाचा मान राखायचा राहिला असेल, तर बहिणीचा आनंद समजून पदरात घ्या. चहा तयार आहे.