आप्पांनी माईक खाली ठेवला

मंडळी, ऐका! टाळ जरा थांबवा. आज आधी प्रश्न, मग भजन. न लढता पदरात पडलेलं मोठेपण — ते मोठेपण, की उष्टं? सांगा!

पुढच्या रांगेतले बघा, देवळाचे खांब न्याहाळायला लागले. न्याहाळा! खांब उलट प्रश्न विचारत नाहीत.

आजच्या आख्यानात राजा आहे, वजीर आहे, हत्ती-घोडे-उंट आहेत, पण हे रामायण नव्हे आणि महाभारतही नव्हे. बुद्धिबळ! मागं कोण हसलं? रिकामटेकड्यांचा खेळ वाटतो ना? अहो, सहा-सहा तास एका खुर्चीवर बसून रक्त आटवावं लागतं. मी तोंड उघडल्यापासून तुम्ही दोनदा मांडी बदललीत!

तर पंचगंगेकाठचं कुरुंदवाड. तिथले आप्पा हेर्लेकर. कुस्तीच्या मैदानात माईकवर बोलणारे निवेदक. पैलवान खाली झटतायत आणि वर आप्पांचा आवाज — "घुसला! पटात घुसला! अरं सांभाळ, ढाक लावतोय त्यो!" आंधळ्या माणसाला कुस्ती दिसावी असं बोलणं.

त्यांची एक रीत होती. ध्यानात ठेवा, आख्यान या रीतीवर उभं आहे. दोन पैलवान आधीच ठरवून लुटुपुटीचे झुंजले — आपण त्याला नुरा कुस्ती म्हणतो — की आप्पांना ते चटकन कळायचं. ते शिव्या द्यायचे नाहीत. माईक मातीत ठेवायचे आणि मैदानाकडं पाठ करून बसायचे. बस! एवढं मोठं मैदान, एकदम मुकं. पैलवानांना तोंड लपवायला जागा उरायची नाही. एकदा तर आमदारांनी लावलेली कुस्ती. आमदार म्हणाले, "आप्पा, बोला की!" आप्पा म्हणाले, "साहेब, कुस्ती सुरू झाली की बोलतो."

असा बाप! आणि त्याची लेक प्रणोती. मैदानाच्या कडेला पट मांडून बसायची. मातीतले डाव बघत लाकडाचे डाव शिकली. राज्य स्पर्धा जिंकली. चेन्नईत एका ग्रँडमास्टरला पाणी पाजलं. आता ग्रँडमास्टर कसं होतात? सोपं सांगतो. तगड्या स्पर्धेत ठरलेल्या तोलाचा खेळ केला की एक नॉर्म मिळतो. असे तीन नॉर्म आणि वरती गुणांकन. तीन मैदानं मारली की गदा, असं समजा. प्रणोतीचं गुणांकन भरलं होतं, दोन नॉर्म झाले होते. तिसरा? चार वर्षं हुलकावणी! दुबईत अर्ध्या गुणानं गेला. दिल्लीत शेवटच्या दिवशी ताप. तिच्या मागून आलेल्या पोरी पुढं गेल्या आणि नातेवाईक विचारायला लागले, "लग्नाचं काय?" नातेवाइकांना दुसरी चाल येतच नाही!

मग हंगेरी. तिथल्या एका स्पर्धेत पोरगी अशी खेळली म्हणता — दोन ग्रँडमास्टर पाडले, एकाला बरोबरीत धरलं. शेवटची फेरी उरली. नुसती बरोबरी झाली तरी नॉर्म! म्हणजे किताब! समोर कोण? मिक्लोश बार्टा. साठीचा म्हातारा ग्रँडमास्टर, एके काळी वाघ. बरोबरी झाली तर त्याचंही बक्षीस पक्कं.

आदल्या दिवशी प्रणोतीचे प्रशिक्षक कारखानीस सर जेवणाच्या टेबलावर येऊन बसले. "बोललोय त्याच्याशी. बरोबरी. पंधरा-वीस पाठ चाली खेळायच्या, मग तुझा घोडा बाहेर-घरात, त्याचा घोडा बाहेर-घरात. तीच मांडणी तिसऱ्यांदा आली की संपलं."

"सर, पण..."

"पण काय? सगळे करतात. चार वर्षं माझीपण गेलीत, प्रणोती."

आणि मंडळी, ती "बरं सर" म्हणाली. हो, म्हणाली! मी तिला देवी करायला बसलेलो नाही. चार वर्षांची भूक होती. तुमच्या-माझ्यासारखीच ती वाकली.

आता इकडं कुरुंदवाडात काय? तालमीत मोठा पडदा लावलेला, त्यावर पट दिसतोय. तिथं सकाळ, इथं दुपार. पैलवान दुधाचे पेले घेऊन मांडी ठोकून बसलेत, आणि पडद्याशेजारी आप्पा, हातात माईक! लेकीचा प्रत्येक डाव ते असाच सांगायचे. "उंट आला कोपऱ्यातनं! हत्तीची मान धरली बगा!" पैलवानांना उंट तिरका जातो एवढंच ठाऊक, पण आप्पा बोलले की अंगावर काटा!

डाव सुरू झाला. पाठ चाली भराभर पडल्या. आप्पा बोलतायत. मग प्रणोतीचा घोडा बाहेर. म्हाताऱ्याचा घोडा बाहेर. दोन्ही घोडे घरात. मांडणी दुसऱ्यांदा आली. आप्पांचा आवाज जरा अडखळला. परत घोडे बाहेर...

आप्पांनी माईक खाली ठेवला. पडद्याकडं पाठ केली.

एक पैलवान हळूच म्हणाला, "आप्पा, एक चाल ऱ्हायलीया. पोरगी ग्रँडमास्टर हुतीया की वो!"

आप्पा म्हणाले, "हुं दे. मला बोलता यायचं न्हाई."

पोटची पोर बरं का! आमदाराला एक न्याय आणि लेकीला दुसरा, असं केलं नाही त्या माणसानं. तुम्ही केलं असतं? पेढ्यांची ऑर्डर देऊन मोकळे झाला असता!

आणि तिकडं, समुद्रापार, प्रणोतीनं घोडा उचलायला हात पुढं केला. हा घोडा घरात गेला, मागोमाग म्हाताऱ्याचा गेला की किताब! हात घोड्यावर तरंगतोय. आणि तिच्या मनात आलं — आत्ता आप्पांनी माईक खाली ठेवला असेल.

फोन नाही, निरोप नाही. बाप बोलायचा थांबलेला तिला ऐकू आला! याला म्हणतात संस्कार. शाळेच्या भिंतीवर रंगवतात तो नव्हे.

तिनं हात मागं घेतला. घोड्याला शिवलीच नाही. राजापुढचं प्यादं उचललं आणि दोन घरं पुढं ठोकलं.

म्हातारा खुर्चीतच ताठ झाला. पटाकडं बघतो, तिच्याकडं बघतो. हलकेच म्हणाला, "बरोबरी?" तिनं मान हलवली. नाही. कोपऱ्यात उभ्या कारखानीस सरांनी कपाळावर हात मारला.

तुमच्यातले वकील आता बोट वर करतील — "महाराज, तिनं शब्द मोडला!" मोडला. दोघांनी मिळून चोरी करायचा शब्द दिला असेल तर तो मोडावाच! कायदा नंतर शिकवा मला.

तालमीत एकच ओरडा! "आप्पा, फिरा! पोरगी झुंजाय लागली!" आप्पा वळले. डोळे पुसले की घाम, ते मैदानालाच ठाऊक. माईक उचलला. "आली! माझी पोर मातीत आली!"

मग काय झुंज झाली! म्हाताऱ्यातला जुना वाघ जागा झाला. ती चढली, तो वाकला. तो सुटला, ती अडकली. पैलवानांचं दूध पेल्यात निवून गेलं. दिवेलागणीला प्रणोतीनं घड्याळ थांबवलं आणि हात पुढं केला.

हरली.

ऐकू आलं का? हरली! टाळ्या वाजवायच्या तयारीत बसला होतात ना? सत्यानं वागलं की देव लगेच पेढा हातावर ठेवतो, असं सांगणाऱ्या बुवाकडं जा, इथं नका येऊ. नॉर्म गेला. कारखानीस सर तिथूनच वेगळ्या गाडीनं निघून गेले. अजून बोलत नाहीत.

पण म्हातारा उठला नाही. दोघांनी पट परत मांडला, खेळाडू डावानंतर मांडतात तसा. एका जागी त्यानं तिचा हत्ती सरकवून दाखवला. "इथं तू जिंकत होतीस." तिच्या डोळ्यांतून पाणी आलं. बार्टा म्हणाला, "पोरी, कितीतरी वर्षांत मी शेवटची फेरी खेळलोच नव्हतो. ठरलेल्या बरोबरीवर सही करून जेवायला जायचो. आज खेळलो."

आणि तालमीत आप्पा शेवटचं काय बोलले? "चीत झाली. खरीखुरी चीत झाली! वाजवा रं हलगी!" हरलेल्या पोरीसाठी हलगी वाजली, मंडळी.

आज प्रणोती ग्रँडमास्टर आहे का? नाही. गेल्या स्पर्धेत तिसरी आली, त्याआधी अकरावी. नॉर्म अजून दोनच. पण खेळते! आणि ती पटावर बसली की समोरच्या ग्रँडमास्टरला माहीत असतं — ही विकत मिळत नाही. सांगा, किताब मोठा की हे?

आता तुमच्याकडं येतो. सुटाल असं वाटलं होय? दहावीच्या पेपराला खिडकीतून चिठ्ठी देणारा मामा याच देवळात बसलाय. बिनविरोध निवडणूक चहाच्या कपावर ठरवणारे बसलेत. नुरा कुस्ती आहे हे आपल्या सगळ्यांना दिसतं, आणि आपण काय करतो? माईक आणखी जोरात धरतो! हार घालतो, फलक लावतो, फटाके उडवतो. पोर चुकते तेव्हा आपण गप्प बसलो, तर तिला तिकडं दूर ऐकू येईल, असं आपलं गप्प बसणं आहे का? आपण खरं बोललोच नाही कधी, तर आपल्या गप्प बसण्याला किंमत कुठली!

हा बघा. मीपण माझा माईक खाली ठेवतोय. का ठेवला, ते मला विचारू नका. घरी जाताना स्वतःला विचारा.

आणि ज्याला उत्तर देताना लाज वाटणार नाही, त्यानं पहिला टाळ वाजवावा. मी थांबतो.