बाकावरची पितळी पाटी

(कोरीव कामाचं दुकान. वहिनींनी काउंटरवरच्या पाटीवरचं फडकं नुकतंच बाजूला केलं आहे.)

वहिनी : ह्यांचं नाव ठीक, तारखा ठीक. पण खाली हे काय, भावजी? 'फ्रॉम हिज हेल्पर'?

कोरणारा : बरोबरच आहे. तुम्हीच म्हणालात, बागेतल्या बाकावर बसवायची आहे, मुलांना इंग्रजीत हवी, आणि तुम्ही त्यांचे कोण ते तुमच्या मनाने घाला. घातलं.

वहिनी : मला वाटलं, 'फ्रेंड' घालाल.

कोरणारा : मलाही वाटलं होतं. त्या दिवशी, स्टेजवर. ज्या इमारतीसाठी बक्षीस मिळालं, तिच्यावरची सगळी अक्षरं आम्ही दोघांनी कोरली, अर्धी त्याची, अर्धी माझी. बक्षीस घ्यायला हा पुढे. आणि माईकवर काय म्हणाला? "अँड धिस इज माय हेल्पर." मी हातात फुलं धरून हसतोय.

वहिनी : तेव्हाच का नाही बोललात?

कोरणारा : फुलं घेऊन खाली उतरलो. आणि त्याला शब्दांचा काय दुष्काळ होता, वहिनी? हेच कोरत जन्म गेला आमचा. ट्रॉफीवर टीममेट, कपावर बडी, निरोपाच्या ताटावर डिअर कलीग, अंगठीच्या आत कंपॅनियन. बाहेर दुकानाच्या पाटीवर 'पार्टनर' तर त्यानेच कोरलंय, बघा जाऊन. एवढे सगळे सोडून त्याला तोच सापडला. आता येणारा-जाणारा बाकावर टेकेल आणि वाचेल. वाचू दे.

वहिनी : प्रवचनाला तर अगदी पुढे बसता. मनातलं विष टाका म्हटलं की मान डोलावता.

कोरणारा : मान डोलते. विष जागचं हलत नाही. देवाला ठाऊक आहे, त्याच्यापासून मी काही लपवलेलं नाही.

वहिनी : आणि उद्या पुसावंसं वाटलं तर?

कोरणारा : पितळ आहे ते, शाळेतला फळा नव्हे. एक शब्द काढायचा तर अख्खी पाटी घासावी लागते. त्याचं नावही जाईल.

वहिनी : मग राहू दे.

कोरणारा : म्हणजे?

वहिनी : आहे तसंच राहू दे. छान खोल कोरलंय. तुम्हाला हेल्पर तरी म्हणाले. माझी ओळख करून द्यायची वेळ आली की "ही आमची मंडळी". एकटी मी उभी, आणि म्हणे मंडळी. समोरचा माझ्यामागे आणखी कोणी आहे का बघायचा. तोवर हे चालू लागलेले, पिशव्या माझ्या हातात.

कोरणारा : तो तसाच होता.

वहिनी : हसू नका. शेजारी जागा आहे, माझाही एक शब्द घाला. कंपॅनियन म्हणजे काय हो?

कोरणारा : बरोबरीने चालणारा.

वहिनी : मग नको. ते कधी थांबलेच नाहीत. असा काहीतरी घाला की त्यांच्या नावाखाली कायम टोचत राहील. तुम्ही एकीकडून, मी दुसरीकडून.

कोरणारा : वहिनी, एवढं नको. तो इतकाही वाईट नव्हता.

वहिनी : आता हे तुम्ही मला सांगणार?

कोरणारा : माझी मुलगी हॉस्पिटलात होती ना, तेव्हा बाहेरच्या बाकावर माझ्याशेजारी बसून राहिला. धीर बिर काही दिला नाही. मला डुलकी लागली की खांदा पुढे करायचा, बस. नर्सने विचारलं, तुम्ही पेशंटचे कोण? तर म्हणाला, "मी ह्याच्याबरोबर आहे."

वहिनी : हे माईकवर म्हणाले असते तर?

कोरणारा : तेवढंच हवं होतं. … तो पॉलिश पेपर द्या जरा, तुमच्या हाताशीच आहे.

वहिनी : नाव जाईल म्हणालात.

कोरणारा : परत कोरीन. त्याच्या नावाची अक्षरं मला डोळे मिटूनही येतात. पण तुमचा शब्द कोणता घालू, ते सांगा.

वहिनी : तुम्हाला त्यांच्याशेजारी एक बाक तरी मिळाला, भावजी. पाटीवर माझी जागा रिकामी ठेवा. वाचणाऱ्याला दिसू दे, इथे आणखी कुणीतरी होतं.