फौजदाराच्या घरी पाहुणे

आमच्या नामदेवभाऊंना तुम्ही पाहिलंच असेल. झाडीपट्टीच्या नाटकांत हा माणूस वर्षानुवर्षं फौजदारच होतो. वर्दीचं खाकी कापड मूल गावातल्या माझ्या कापडदुकानातून नेतो, तिथली आमची दोस्ती. त्यांच्या लेकीला पाहायला पाहुणे येणार होते, तर मलाही बोलावलं. मुलगा सरकारी कचेरीत पर्मनंट आहे, असा निरोप होता. भाऊंच्या सकाळपासून अंगणात येरझारा.

"हमीदभाई, माझा आवाजच असा. सोयरीक मोडली तर बायको मले घरात घेनार नाई."

"मग कमी बोला ना भाऊ."

पाहुणे आले. भाऊ नुसतं "बसा" म्हणाले, तर सगळे एकदमच बसले. मुलाचे वडील तर खुर्ची सोडून सतरंजीवर. नाटकं सगळ्यांनी पाहिलेली. सगळे ताठ बसून. शेवटी भाऊंनी जमेल तितक्या हळू आवाजात मुलाला विचारलं, "नोकरी कुठी?"

पोरगा ताडकन उभा राहिला. "साहेब, पर्मनंट नाई. ठेक्यावर आहो. बाबानं तसं सांगाले लावलं."

वडिलांनी कपाळाला हात लावला. नाटकात यानंतर बेड्या येतात, इथे भाऊ माझ्याकडे पाहू लागले. पाहुणे उठून चपला शोधू लागले.

तेवढ्यात लेक चहा घेऊन बाहेर आली. "बसा जी सगळे. बाबा, तुमी आत जा. पोरगा खरं बोलून राह्यला, बाकीचं मले विचारू द्या."