परत गेलेलं पाकीट

मंडळी, टाळ जरा मांडीवर ठेवा आणि ऐका! आज तुमच्यापुढे एकच सवाल टाकतो. दाराशी आलेलं पत्र आपण घेतलंच नाही, तर आतला मजकूर आपल्याला लागू होतो की नाही? हां? मागे खांबाला टेकलेले काका म्हणतात, "नाही होत!" वा काका! तुमच्यासारखाच एक गडी होता. त्याचंच आख्यान लावतो!

कऱ्हाडच्या बाजूला रंगराव अवघडे नावाचा बँडमास्तर. काय ट्रम्पेट वाजवायचा! नवरदेवाचं घोडंसुद्धा तालावर पाय टाकायचं! पण बँडचे कपडे? विटलेले, कोपरात फाटलेले! तेव्हा रंगराव गेला आपल्या शाळासोबत्याकडे, दिगंबर खटावकर शिंप्याकडे. "दिगू, एकवीस गणवेश शिव! लाल मखमल, सोनेरी झालर, खांद्यावर गोंडे!" दिगंबरनं कापड उधारीवर उचललं आणि एकवीसच्या एकवीस शिवून दिले. रंगरावानं ऐटीत चेक फाडला. चौसष्ट हजारांचा! तारीख पुढची, अक्षय तृतीयेनंतरची. म्हणाला, "लग्नसराई येऊ दे, खात्यात पैसाच पैसा!"

लग्नसराई आली. पैसा काही आला नाही! दोन मोठ्या वरातींनी ऐनवेळी डीजे लावला. (इथं कुणाच्या वरातीत डीजे होता ते मी विचारत नाही. तोंडं कशाला लपवता?) तारीख उलटली, दिगंबरनं चेक बँकेत टाकला — आणि चेक परत! खात्यात शिल्लक नाही!

दर रविवारी दिगूच्या दुकानात गप्पांना बसणारा रंगराव, त्यानं दुकानावरून जायचंच सोडलं. मारुतीच्या देवळामागून, काटेरी बोळातून वळसा घालायचा! बुडवायचं मनात नव्हतं हो त्याच्या. नुसती लाज! 'दिगू, अडचणीत आलोय' एवढं म्हणायला जीभ रेटत नव्हती.

एक दिवस अंगणात सायकल वाजली. शिकलगार पोस्टमन! "रंगराव, वकिलाची नोटीस हाय. सही करा!" आता बँडमधला क्लॅरिनेटवाला म्हणजे बिनपदवीचा वकील! तो कानात पुटपुटला, "मास्तर, घिऊ नका! हातात घेतली न्हाई म्हंजी मिळालीच न्हाई. केस उभीच ऱ्हात न्हाई!" रंगरावाला पटलं! गडी मोठ्या ढोलामागं दडला. बायको हौसाबाई दारात आली. "घरी न्हाईत. सांगलीला गेल्यात." आणि ढोलामागून — आँऽक्छी!

पोस्टमन म्हणाला, "वयनी, सांगलीची शिंक हितवर ऐकू येतीया व्हय?" मग काय, रंगराव बाहेर आला, लालबुंद! "घेत नाही जा! काय लिहायचं ते लिही!" शिकलगारानं पाकिटावर लिहिलं — घेण्यास नकार. पाकीट परत!

"सुटलो!" रंगरावानं मिशीला पीळ दिला. हौसाबाई म्हणाली, "दिगूभावजींनी धाडलं हुतं. उघडून तरी बघायचं!" "तुला कायद्यातलं काय कळतंय?"

मंडळी, कायद्यातलं कुणाला कळत नव्हतं? ऐका, फुकट सांगतो! चेक परत आला की तीस दिवसांच्या आत नोटीस धाडायची असते. नोटीस मिळाली की पैसे भरायला पंधरा दिवस. त्या पंधरा दिवसांत भरलेत, तर गुन्हाच नाही! नाही भरलेत तर फौजदारी! दोन वर्षांपर्यंत कैद, किंवा चेकच्या दुपटीपर्यंत दंड, किंवा दोन्ही! आणि बरोबर पत्त्यावर आलेली नोटीस मुद्दाम नाकारली, तर कोर्ट काय धरतं? मिळाली! काका, ऐकलंत ना? खांब सोडा आता!

पंधरा दिवस गेले. पुढे कोर्टाचं समन्स आलं. कैद झाली तर बँड मोडला, वीस माणसांची चूल विझली! कोर्टात जायचं तर कपडा चांगला हवा. आणि घरात चांगला कपडा एकच! लाल मखमल, सोनेरी झालर, खांद्यावर गोंडे! तोच चढवून गडी आरोपी म्हणून उभा!

न्यायाधीशबाईंनी चष्म्यावरून पाहिलं. "हा गणवेश कुणी शिवला?"

रंगरावानं समोर उभ्या दिगंबरकडे बोट केलं. "ह्यांनीच, बाईसाहेब."

सगळं कोर्ट हसलं. दिगंबर तेवढा हसला नाही. तो रंगरावाच्या खांद्याकडे बघत होता.

रंगराव धीर करून म्हणाला, "पण मला नोटीस मिळालीच नाही!" दिगंबरच्या वकिलानं तेच पाकीट पुढे केलं, तसंच बंद. बाईंच्या हुकमानं फोडलं. आत टाईप केलेली नोटीस — आणि तिच्यामागे वहीचा एक कागद! वकीलच चकित! पाकीट टपालात टाकायला दिगंबर स्वतः गेला होता, तेव्हा गुपचूप आत सरकवलेला! दिगंबर घाईनं म्हणाला, "त्यो ऱ्हाऊ द्या." बाईंनी कागद रंगरावाच्या हाती दिला. "तुमच्या नावाचा आहे. वाचा."

रंगराव वाचू लागला. "रंग्या, मुदत जाईल म्हणून नोटीस धाडायलाच लागंल, असं वकील म्हणतोय. घाबरू नकोस. महिन्याला जमतील तेवढे दे, मी तसं लिहून देतो. पण ये. रविवारचं यायचं बंद केलंस, दुकानात बसवत नाही. आणि तुझ्या डाव्या खांद्याचा गोंडा सैल राहिलाय. ये, टाका घालून देतो. — दिगू."

अहो, एकवीस माणसांचा बँड वाजवणारा तो गडी, हुंदका आवरेना! "दिगू, आठ महिनं! आठ महिनं ह्याच्यापासनं पळत हुतो रं मी!"

तिथंच तडजोड झाली. हप्ते ठरले, कोर्टाचा खर्च रंगरावाच्या माथी बसला, तो त्यानं भरला. आणि बाहेर व्हरांड्यात दिगंबरनं कॉलरची सुई काढली. "हालू नको, टोचंल." गोंडा पक्का केला!

आता सांगा, तुमच्या दारातून काय परत गेलंय? कुणाची हाक, कुणाचा निरोप? शिव्याच असतील असं धरून न उघडता परत धाडलंत ना? देवसुद्धा असाच माणसाच्या हाती चिठ्ठी देतो, आणि आपण ढोलामागं!

हसू नका! माझा सख्खा भाऊ तीन महिने फोन करतोय. जमिनीवरून भांडेल म्हणून मी उचलत नाही. तीन महिने! आणि इथं उभा राहून तुम्हाला शिकवतोय!

मृदंगबुवा, गजर तुम्ही धरा. आरतीही उरका. मी जरा बाहेर जाऊन येतो — फोन कुठाय माझा?