हालाचा अंधार

मी मूळचा कोल्हापूरचा, वडील मंडपाची लायटिंग करायचे, त्यांच्या हाताखाली वायरी ओढत शिकलो, मग मुंबईत शूटिंगला लाइटमन झालो, तिथनं एका कंपनीनं कामाचा पास काढून सिंगापूरला आणलं. आता नऊ वर्षं झाली बगा, टॅम्पिनीसला राहतो, बायको-पोरगी इथंच.

काय सांगू तुम्हाला, आमच्या धंद्यात सगळं लख्ख लागतं, आणि ही हाला, इजिप्तची कॅमेरावाली, तिशीचीबी न्हाई, पहिलाच मोठा सिनेमा तिचा, ती म्हणायची सदा, हा लाइट काढ, तोपण काढ. आमच्या कैरोत म्हणे ऊन इतकं की लोक खिडक्या लावून बसतात, फटीतनं येतं तेवढ्या उजेडात आई भाजी निवडायची, माणूस तेवढंच दिसतं, बाकी आपण ओळखायचं. मला पटायचं न्हाई. चेहरा दिसाय नको का हो?

तर पुलाउ उबीन बेटावर शूटिंग हुतं, जुन्या लाकडी घरात. म्हातारी घर कायमचं सोडून निघालीय, कपड्यांच्या घड्या घालतीय, असा सीन. काम करणारी मलाय बाई तसल्याच घरात वाढलेली, ती आधीच म्हणाली, मी हे एकदाच करीन, पुन्हा जमायचं न्हाई मला. आणि ऐन वेळी आभाळ भरून आलं. कॅमेरा चालू, म्हातारीचे हात तेवढे दिसतायत, चेहरा अंधारात.

प्रोड्यूसर म्हणजे आमच्या कंपनीचाच मालक, तो माझ्या कानाशी आला, म्हणाला लाइट लाव, काही दिसत न्हाई, पुढच्या महिन्यात तुझा पास रिन्यू करायचाय ना. हालानं कॅमेऱ्यावरनं डोळा काढला न्हाई, नुसती मान हलवली, नको म्हणून. माझं बोट बटणावर. पोरीची शाळा डोळ्यांपुढं आली, खोटं कशाला बोलू, दाबणारच हुतो. पण म्हातारीनं एक बारकं झबलं उचललं आणि घडी घालता घालता थांबली. माझं बोट तिथंच राहिलं. मग मालकानंच हात घातला, तर मी त्याचं मनगट धरलं, कट म्हणेपर्यंत सोडलं न्हाई.

पास रिन्यू झाला न्हाई. दुसरी कंपनी मिळेपर्यंत घरात कुणी नीट जेवलं न्हाई, बायको बोलायची न्हाई माझ्याशी.

सिनेमा लागला तेव्हा तिघंबी गेलो. पोरगी इथल्या पोरांच्या बोलीत म्हणाली, पपा, सो डार्क लाह. मग त्या घड्यांच्या सीनला माझ्या बाहीला धरून हळूच म्हणाली, आता ती आजी राहणार कुठं?

हाला परत तिकडं गेली, दुसरा सिनेमा करतीय म्हणे, तिचं भलं होवो. मी आता स्टेजचे लाइट लावतो, डोळे दिपतील असे, तेच मागतात लोक. पासचं पुन्हा दोन वर्षांनी आहेच.